पडद्यामागची खजिनदार

हातातलं काम चालू ठेवा, भाजी निवडत असाल तर निवडत राहा, फक्त कान इकडे द्या.

गेल्या महिन्यात आपल्या भागातल्या बऱ्याच गटांमध्ये पदाधिकारी बदलले. आम्ही चार-पाच बैठकांना जाऊन बसलो होतो. अध्यक्ष कोण होणार म्हटलं की दोन-तीन हात वर होतात. सचिव कोण, म्हटलं की शिकलेल्या सुनेकडे बोट जातं. आणि खजिनदार कोण, असं विचारलं की सगळ्या खाली सतरंजीकडे बघायला लागतात. एका बैठकीत एक मावशी स्पष्टच म्हणाल्या, "नको गं बाई. पैसे दिले तर नाव नाही, अडवले तर शिव्या."

मावशींचं हे बोलणं आमच्या डोक्यातून जाईना. म्हणून आज तुम्हाला एका खजिनदार बाईची गोष्ट सांगायची ठरवलं. या बाई आपल्या तालुक्यातल्या नाहीत, आपल्या देशातल्याही नाहीत. त्या होत्या हाँगकाँगच्या. आणि त्यांचा धंदा ऐकलात तर हसाल. त्या मारामारीचे चित्रपट काढायच्या. कुंग फूचे. त्यांचं नाव मोना फाँग. आपण त्यांना मोनाबाई म्हणू या.

कुंग फूचे चित्रपट तुम्हाला माहीत आहेत. ब्रूस लीचं नाव तुमच्या धन्याने, नाहीतर भावाने घेतलेलं असेल. आपल्याकडे व्हिडिओ सेंटर होती तेव्हा पोरं हे चित्रपट बघून यायची आणि अंगणात उड्या मारायची. आता नातवंडं मोबाईलवर बघतात. उघड्या अंगाचा नायक, हातात काठी, समोर वीस जण, आणि तो एकेकाला लोळवतो. आपल्याला दिसतो तो नायक. पण त्या वीस जणांना जेवायला कोणी घातलं? त्यांचे कपडे कोणी शिवून घेतले? मोडायच्या खुर्च्या किती आणि कुठून आणल्या? लाकडी तलवारी कोणी रंगवल्या? एकाचा पाय मुरगळला तर दवाखान्याचे पैसे कोणी दिले? आणि संध्याकाळी हजेरी बघून पगार कोणी वाटला?

हे सगळं बघतो तो निर्माता. लग्नघरासारखंच आहे. फोटोत नवरा-नवरी येतात. पण गव्हाची पोती कधी दळायला टाकायची, आचाऱ्याला किती उचल द्यायची, मांडववाल्याचं किती बाकी आहे, हे ज्या एका बाईच्या डोक्यात असतं, ती फोटोच्या वेळी मागच्या खोलीत कुलूप लावत असते. मोनाबाई ती कुलूपवाली बाई.

त्यांचा जन्म १९३४ सालचा, चीनमधल्या शांघाय शहरातला. तरुणपणी त्या गायिका होत्या. हाँगकाँग आणि सिंगापूरच्या नाइट क्लबमध्ये गायच्या, इंग्रजी गाणीही म्हणायच्या, त्यांच्या तबकड्याही निघाल्या. १९५२ साली सिंगापूरमध्ये त्यांची ओळख रन रन शॉ यांच्याशी झाली. हे शॉ म्हणजे आशियातल्या सिनेमाधंद्यातलं फार मोठं नाव. वयाने बाईंपेक्षा सव्वीस-सत्तावीस वर्षांनी मोठे, संसारी, चार मुलांचे वडील. दोघांचं नातं जुळलं. लोक काय बोलले असतील ते आम्ही सांगायला नको. आपल्या गावात बोलले असते तेच.

शॉ यांच्या कंपनीचं नाव शॉ ब्रदर्स. हाँगकाँग तेव्हा ब्रिटिशांच्या ताब्यात होतं, मुंबईसारखंच समुद्राकाठचं, दाटीवाटीचं शहर. तिथे क्लिअरवॉटर बे या भागात टेकडीवर शॉ यांनी सुमारे ४६ एकरांत चित्रपटांची एक वसाहतच उभारली. १९६१ साली ती सुरू झाली. हजाराहून जास्त माणसं तिथे काम करायची. नट-नट्या, सुतार, शिंपी, रंगारी, मारामारी शिकवणारे मास्तर, सगळे करारावर. बरेचसे तिथल्याच खोल्यांमध्ये राहायचे. साखर कारखान्यासारखी पाळ्यांमध्ये कामं चालायची. चित्रीकरणाच्या वेळी आवाज घेतच नसत, संवाद नंतर भरायचे. त्यामुळे शेजारच्या सेटवर सुतार ठोकत असला तरी इकडचं काम थांबत नसे. एका चित्रपटाचं मंदिर दुसऱ्या चित्रपटात, एकाची बाजारपेठ तिसऱ्या चित्रपटात. काही वाया जात नसे.

१९६९ साली मोनाबाई या कंपनीत कामाला आल्या. गाणारी बाई, म्हणून गाण्याचं काम दिलं असेल असं तुम्हाला वाटेल. तसं नाही. त्यांना दिला खरेदी विभाग.

आता खरेदी म्हणजे काय ते आपल्या गटातल्या बायकांना सांगायची गरज नाही. दिवाळीच्या फराळाची ऑर्डर घेतली की डाळ कोणी आणायची, तेलाचा डबा कुठल्या दुकानातून, पावती कुठाय, सुटे पैसे कुठे गेले, यावरून किती तोंडं वाकडी होतात! इथे तर वर्षाला तीस-चाळीस चित्रपट निघत होते. कापड, लाकूड, खिळे, रंग, फिल्मची रिळं, सगळ्याच्या मागणीवर सही लागायची. दिग्दर्शकांना सवय होती मागितलं की मिळायची. आता एक बाई विचारायला लागली, "हे कशाला? मागचं कुठे गेलं?"

बाईंबद्दल लोक दोन प्रकारे बोलायचे. काही म्हणायचे, हिने गळती थांबवली. काही म्हणायचे, मालकाची मैत्रीण म्हणून मिरवते, आणि कलेतलं काही कळत नसताना हात आखडते. आम्हाला वाटतं, दोन्हींत थोडं थोडं खरं असावं. पण एक गोष्ट मात्र आपल्या ओळखीची आहे. पुरुषाने हिशोब विचारला की त्याला शिस्त म्हणतात आणि बाईने विचारला की तिला कंजूष म्हणतात.

तरीही, मैत्रिणींनो, आम्ही त्यांची नुसती बाजू घ्यायला बसलेलो नाही. कारण पुढचा भाग त्यांच्या कंपनीच्या चुकीचा आहे, आणि ती चूक आम्हीही केलेली आहे.

शॉ यांच्याकडे रेमंड चाऊ नावाचे गृहस्थ होते. आधी पत्रकार, मग कंपनीची जाहिरात बघणारे, पुढे निर्मितीचे प्रमुख. १९७० साली त्यांनी शॉ यांची नोकरी सोडली. खर्चावरची मोनाबाईंची पकड हेही त्यांच्या जाण्याचं एक कारण होतं, असं त्या काळाबद्दल लिहिणारे सांगतात. चाऊ यांनी आपली वेगळी कंपनी काढली, गोल्डन हार्वेस्ट. नावाचा अर्थ सोन्याची सुगी. पण हातात पैसा थोडा.

त्याच सुमाराला ब्रूस ली हा तरुण अमेरिकेतून परतण्याच्या विचारात होता. शॉ यांच्या कंपनीकडेही त्याने विचारणा केली होती. कंपनीने त्याच्यापुढे तोच नेहमीचा करार ठेवला, जो नव्या नटाला ठेवत. ठरावीक पैसे, बरीच वर्षं बांधून घेणं. सगळ्यांना एकच नियम. त्याने तो घेतला नाही. मग चाऊ यांनी काय केलं? त्यांनी एका बाईला अमेरिकेला पाठवलं. लिऊ लियांग-ह्वा यांना. त्या स्वतः अभिनेत्री होत्या, निर्मितीचं काम बघायच्या, आणि दिग्दर्शक लो वेई यांच्या पत्नी होत्या. त्यांनी ब्रूस लीशी बोलणी केली आणि दोन चित्रपटांचा करार झाला, दोन्ही मिळून पंधरा हजार डॉलरचा. म्हणजे ज्या करारामुळे ब्रूस ली जगाला दिसला, त्या करारामागेही एक बाई होती. नाव कोणाला माहीत नाही.

पहिला चित्रपट थायलंडमधल्या पाक चाँग या गावात, थोडक्या पैशांत काढला. 'द बिग बॉस'. १९७१ साली तो लागला आणि त्याने हाँगकाँगमधले कमाईचे सगळे आकडे मोडले. नंतर चाऊ यांनी ब्रूस लीला पगारी नट ठेवलं नाही, नफ्यात भागीदार केलं. शॉ यांच्याकडची आणखीही हुशार माणसं मग तिकडे वळली. कारण तिकडे घामाबरोबर नफ्याचाही वाटा मिळत होता. ब्रूस ली पुढे फार जगला नाही, १९७३ च्या जुलैत बत्तिसाव्या वर्षी गेला. पण तोवर सोन्याच्या सुगीचं नाव जगभर झालं होतं.

आता आमची गोष्ट सांगतो. आमच्यातल्या काही जणी ज्या गटात आहेत, त्या गटाचे उडदाचे पापड चांगले चालतात. काही वर्षांपूर्वी गटात एक वहिनी होत्या. पीठ कुटून मळायचं, पापडखाराचं प्रमाण धरायचं, ते त्यांच्या हाताला जमायचं तसं कोणालाच जमत नसे. त्या एक दिवस म्हणाल्या, "मळणीचे मला किलोमागे दोन रुपये जास्त द्या. हात भरून येतात." आम्ही वही उघडली आणि सांगितलं, "वहिनी, नियम सगळ्यांना सारखा." आम्हाला वाटलं आम्ही फार न्यायाने वागलो. वहिनी काही बोलल्या नाहीत. पुढच्या उन्हाळ्यात त्या दुसऱ्या गटात गेल्या आणि आमची तीन मोठी गिऱ्हाइकं त्यांच्या मागून गेली. दोन रुपये वाचवले, किती गमावले तो हिशोब आम्ही अजून मांडलेला नाही. मांडायची हिंमत नाही.

म्हणून म्हणतो, काटकसर म्हणजे कुठे धरायचं आणि कुठे सोडायचं हे कळणं. खिळे मोजावेत. हात मोजू नयेत.

आता परत मोनाबाईंकडे. चाऊ गेले, ब्रूस ली हातचा गेला, पण शॉ यांची कंपनी बंद पडली नाही. मोनाबाई खरेदीतून वर आल्या आणि स्वतः निर्मात्या झाल्या. शंभराहून जास्त चित्रपटांवर निर्मात्या म्हणून त्यांचं नाव आहे. त्यातला सगळ्यात गाजलेला १९७८ चा, 'द थर्टी-सिक्स्थ चेंबर ऑफ शाओलिन', म्हणजे शाओलिन मठाची छत्तिसावी खोली. दिग्दर्शक लाऊ कार-लिऊंग, जे स्वतः कुंग फूच्या घराण्यातले, आणि नायक गॉर्डन लिऊ.

ही गोष्ट ऐका, तुम्हाला आपली वाटेल. राज्यकर्त्यांच्या जुलमातून पळालेला एक तरुण मठात येतो. त्याला वाटतं, आल्या आल्या मारामारी शिकवतील. मठात शिकण्याच्या पस्तीस खोल्या आहेत. पण सुरुवातीला त्याला जेवायलाच मिळत नाही. कारण जेवणघरापर्यंत जायचं तर पाण्यावर तरंगणाऱ्या ओंडक्यांवरून तोल सांभाळत जावं लागतं. पडला की उपाशी. मग पाणी भरायचं. दोन्ही हात बाजूला ताठ धरून पाण्याच्या बादल्या चढावर न्यायच्या आणि दंडाला सुऱ्या बांधलेल्या. हात खाली आला की सुरी बरगडीत टोचणार. बघताना आमच्यातली एक जण म्हणाली, "यात काय एवढं? आम्ही टँकरमागून तीन हंडे घेऊन पळतो, ते कोणी नाही शूट केलं!"

शेवटी तो सगळ्या खोल्या पार करतो आणि म्हणतो, मला छत्तिसावी खोली हवी. ती खोली मठात नाही. ती बाहेर, जिथे साध्या गोरगरिबांना ही विद्या शिकवता येईल. मठातल्या मोठ्यांनी भिंतीआड ठेवलेलं शिक्षण भिंतीबाहेर नेणं, ही छत्तिसावी खोली. आम्हाला तर ती आपल्या गटाच्या बैठकीसारखी वाटली. बँकेचा फॉर्म कसा भरायचा, व्याज कसं काढायचं, ग्रामसभेत उभं राहून कसं बोलायचं, हे कोणत्या शाळेत शिकलो आपण? सतरंजीवरच शिकलो.

दुसरा चित्रपट १९८१ चा, 'माय यंग आंटी'. आपल्या भाषेत 'माझी तरुण काकू'. याची नायिका कारा हुई. ही मुलगी फार गरिबीत वाढलेली, लहानपणी हाँगकाँगच्या रस्त्यावर किरकोळ वस्तू विकून घर चालवायला हातभार लावायची. चित्रपटातली गोष्ट जमिनीची आहे. एक म्हातारा जमीनदार. त्याचा भाऊ लोभी, इस्टेटीवर टपलेला. ती त्याच्या हाती जाऊ नये म्हणून म्हातारा एका तरुण, भरवशाच्या मुलीशी लग्न करतो. म्हातारा वारतो आणि ही काकू मिळकतीची कागदपत्रं सांभाळत खऱ्या वारसाच्या, म्हणजे पुतण्याच्या घरी पोचवायला निघते. पुतण्या वयाने मोठा, काकू तरुण, पण मान काकूचा! पुढे कागद चोरीला जातात, मारामाऱ्या होतात, आणि काकू सगळ्यांना भारी पडते.

हसू नका. सातबारा पदराखाली घेऊन तलाठ्याच्या कार्यालयाच्या चकरा मारलेल्या आपल्यात किती जणी आहेत? नवरा गेल्यावर दिरांशी कागदासाठी भांडलेल्या किती आहेत? ती काकू तलवार चालवते, आपण अर्ज चालवतो. एवढाच फरक.

हाँगकाँगमध्ये चित्रपट पुरस्कार पहिल्यांदा दिले गेले १९८२ साली, आणि सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पहिला मान या चित्रपटासाठी कारा हुईला मिळाला. तेही नाचगाण्यासाठी किंवा रडण्यासाठी नाही, तर लढणाऱ्या काकूच्या भूमिकेसाठी. पडद्यावर रस्त्यावर माल विकणारी मुलगी, पडद्यामागे क्लबमध्ये गाणारी मुलगी. दोघींना लोकांनी आधी काय काय म्हटलं असेल, आणि दोघींनी काय करून दाखवलं!

१९८० च्या दशकाच्या मध्यानंतर शॉ यांच्या कंपनीने चित्रपट काढणं जवळपास थांबवलं आणि लक्ष दूरचित्रवाणीकडे वळवलं. टीव्हीबी ही हाँगकाँगची मोठी वाहिनी तेव्हा त्यांच्याच ताब्यात होती. मोनाबाई पुढे त्या कंपनीच्या उपाध्यक्षा झाल्या. आणि जुन्या चित्रपटांचं काय? ते कोठारात ठेवलेले होते. सातशेहून जास्त चित्रपट. २००० साली ते एका दुसऱ्या कंपनीने विकत घेतले, धुऊन-पुसून पुन्हा लोकांसमोर आणले. म्हणून आज तुमचा नातू ते मोबाईलवर बघू शकतो. बघा, जपून ठेवलेलं कधी ना कधी कामाला येतं. आपल्या आज्या बोचकी बांधून ठेवायच्या ते काही उगाच नाही.

शॉ यांची पहिली पत्नी १९८७ साली वारली. मोनाबाई आणि शॉ यांचं लग्न १९९७ साली अमेरिकेत झालं. ओळखीला पंचेचाळीस वर्षं झाली होती. शॉ नव्वदीला टेकले होते, बाई बासष्ट वर्षांच्या. शॉ एकशे सहा वर्षं जगले, २०१४ साली गेले. मोनाबाई २०१७ च्या नोव्हेंबरमध्ये त्र्याऐंशीव्या वर्षी गेल्या. त्या गेल्या तेव्हा कितीतरी ठिकाणी त्यांची ओळख आधी 'शॉ यांच्या पत्नी' अशीच दिली गेली. शंभर चित्रपट मागून आले.

त्यांचं सगळंच बरोबर होतं असं नाही. पगाराच्या बाबतीत त्यांची कंपनी हात सैल सोडणारी नव्हती आणि त्याची किंमत कंपनीने मोजली. पण त्यांनी जे काम केलं ते केल्याशिवाय एकही नायक पडद्यावर उडी मारू शकला नसता. ते काम म्हणजे विचारणं. किती आणलं, किती लागलं, किती उरलं. हे विचारणारी बाई कोणाला आवडत नाही, आणि तिच्यावाचून कोणाचं चालतही नाही.

तर मैत्रिणींनो, पुढच्या बैठकीत तीन गोष्टी बोला. पहिली, आपल्या खजिनदार ताईला आपण शेवटचं चांगलं कधी बोललो? तिने कीर्द लिहायला घालवलेल्या रात्रींची नोंद वहीत कुठे आहे का? तिच्या येण्या-जाण्याचा, फोनचा खर्च तरी गट देतो का? दुसरी, आपल्या गटात असा कोणता हात आहे, ज्याच्यावर आपला माल चालतो, पण ज्याला आपण सगळ्यांसारखीच मजुरी देतो? तो हात निघून जायच्या आधी त्याच्याशी बसून बोला. नियम आपणच केला आहे, बदलूही आपणच शकतो. आणि तिसरी, खजिनदाराचं काम दर वर्षी एकीला शिकवा. एकीच्याच कमरेला किल्ल्या राहिल्या की तिलाही ओझं आणि बाकीच्यांनाही संशय.

आम्ही काय केलं तेही सांगतो. त्या वहिनींच्या घरी आम्ही गेल्या आठवड्यात गेलो होतो. चहा झाला, पाऊसपाण्याच्या गप्पा झाल्या. निघताना आम्ही म्हणालो, "वहिनी, चूक आमची होती. या उन्हाळ्यात याल का? मळणीचा दर वेगळा धरू, आणि शिल्लक राहिली तर त्यातही वाटा." त्या हसल्या. हो म्हणाल्या नाहीत, नाहीही म्हणाल्या नाहीत. "बघू," म्हणाल्या. आम्ही वाट बघतोय.

आणि त्या मावशी, ज्या म्हणाल्या होत्या पैसे अडवले तर शिव्या, त्यांनाही निरोप आहे. मावशी, तुम्ही हिशोबाला पक्क्या आहात हे सगळ्या गावाला माहीत आहे. शिव्यांचं आम्ही बघून घेऊ. तुम्ही वही घ्या.

भेटू पुढच्या वेळी. नमस्कार.